गोवरच्या घरावर लाल फुली मारून साथ थांबते का?

प्रश्न थोडक्यात असा आहे. गावात गोवरच्या ३ केसेस निघाल्या, ग्रामपंचायतीनं त्या तिन्ही घरांच्या दारावर लाल रंगानं फुली मारली, आठवडी बाजार बंद केला आणि त्या घरातल्या बायकांना सार्वजनिक नळावर यायचं नाही म्हणून सांगितलं. विचारणारा म्हणतो, याने साथ थांबते का, आणि पूर्वी देवी-प्लेगच्या वेळी असंच करायचे का.

मी ३१ वर्षं सरकारी नोकरी केली, सगळी खानदेशात, आधी पीएचसीवर, म्हणजे प्राथमिक आरोग्य केंद्रावर, एमओ म्हणजे डॉक्टर आणि नंतर तालुका आरोग्य अधिकारी. सरळ उत्तर आधी देऊन टाकतो. फुलीनं साथ थांबणार नाही, फक्त चौथी केस तुम्हाला कळणार नाही. बाजार बंद करून गोवरमध्ये फारसं काही हाती लागत नाही आणि नळाचा तर गोवरशी काही संबंधच नाही. का ते जरा पाल्हाळ लावून सांगतो, घाई असेल त्यांनी शेवटचे तीनचार परिच्छेद वाचा.

साथ आली की मी आधी दोन गोष्टी विचारायचो. आजार जातोय कशातून, श्वासातून, पाण्यातून, डासातून का अजून कशातून. आणि माणूस दुसऱ्याला आजार द्यायला लागतो कधी, स्वतः आजारी दिसायच्या आधी का नंतर. ही दुसरी गोष्ट लोक विसरतात, पुढारी तर हमखास विसरतात. गोवरचं पोरगं अंगावर पुरळ दिसायच्या ४ दिवस आधीपासून गोवर वाटत असतं, तेव्हा त्याला नुसती सर्दी, ताप, लाल डोळे असतात आणि आई त्याला शाळेत पाठवत असते. खोकून ते पोरगं खोलीतून निघून गेलं तरी त्या हवेत दोन तासांपर्यंत विषाणू राहू शकतो. कोणालाच लस नसेल तर एक केस १२ ते १८ जणांना देते असं पुस्तकात आहे, आणि मी जे बघितलंय त्यावरून मला ते खोटं वाटत नाही. म्हणजे तुम्ही ब्रश घेऊन दारावर फुली मारायला निघालात तेव्हा त्या घरातला गोवर चार दिवसांपूर्वीच शाळेत, अंगणवाडीत, मामाच्या गावाला जाऊन बसलेला असतो, आणि तो तिथे दिसणार अजून १०-१२ दिवसांनी.

पाण्याचं सगळं वेगळं. एका मोठ्या गावात गॅस्ट्रोची साथ लागली, दोन दिवसांत साठसत्तर पेशंट, सलाईनच्या बाटल्या खिडकीच्या गजांना टांगलेल्या. वरून फोन, बाजार बंद करा, उसाच्या रसाच्या गाड्या उचला, बाहेरच्यांना येऊ देऊ नका. सगळं केलं, तिसऱ्या दिवशी पेशंट तेवढेच. मग आमचा एमपीडब्ल्यू, म्हणजे गावोगाव फिरणारा आरोग्य कर्मचारी, जुना माणूस, ओटीची बाटली खिशात टाकून गल्लीगल्लीनं फिरला. ओटी टेस्ट म्हणजे नळाच्या पाण्यात दोन थेंब टाकायचे, क्लोरीन असेल तर पाणी पिवळं होतं. टाकीखाली पिवळं, पहिल्या गल्लीत पिवळं, मशिदीच्या मागच्या उतारावर गेला तर पाणी जसंच्या तसं. त्या उतारावर व्हॉल्व्हचा खड्डा होता, गटाराच्या पाण्यानं भरलेला, आणि नळाला पाणी नसताना पाइप ते गटार आत ओढत होता. पेशंटची यादी काढून बघितली तर जवळजवळ सगळे त्या व्हॉल्व्हच्या खालच्या अंगाचे, यादी आमच्याच टेबलावर दोन दिवस पडून होती. बरं, पाण्यात टाकायची क्लोरीनची टीसीएल पावडर गोदामात होती ती इतकी जुनी की गोण्यांना क्लोरीनचा वासही उरला नव्हता, ताजी पावडर उघडली की डोळे चुरचुरतात. त्या रसवाल्यांचं मात्र आठ दिवसांचं पोट आम्ही विनाकारण मारलं.

आता पूर्वीचं. आपल्याकडे सक्तीचा सगळ्यात मोठा प्रयोग म्हणजे १८९६-९७ चा प्लेग. मुंबईत मांडवीला सप्टेंबर १८९६ मध्ये डॉ. अकासिओ व्हिएगस यांनी पहिल्यांदा सांगितलं की हा प्लेग आहे, ते मूळचे गोव्याचे. मांडवी म्हणजे बंदराला लागून, धान्याच्या वखारी, आणि धान्य तिथे उंदीर. पण उंदराच्या अंगावरच्या पिसवेतून हा रोग माणसात येतो हे तेव्हा कोणालाच माहीत नव्हतं. प्लेगचा जंतू १८९४ मध्ये हाँगकाँगला येर्सिननं शोधला होता, पण तो माणसापर्यंत पोचतो कसा हे कोडंच होतं. सरकारला वाटलं घाण, दमट घरं, वाईट हवा. म्हणून गटारं फिनेल-कार्बोलिकनं धुतली, भिंतींना चुना मारला, सामान जाळलं, ज्या घरात माणूस गेलं त्या भिंतीवर रंगानं गोल काढले. तुमच्या फुलीचे आजोबाच ते. ऑक्टोबरमध्ये आर्थर रोडच्या हॉस्पिटलवर गिरणी कामगारांचा जमाव चालून गेला, कारण तिथे नेलेलं माणूस परत येत नाही असा समज झाला होता. आणि जवळपास निम्मी मुंबई गाव गाठायला निघाली, रेल्वेनं, बोटीनं, चालत, सोबत गाठोड्यातल्या कपड्यांमध्ये पिसवा घेऊन.

४ फेब्रुवारी १८९७ ला साथरोग कायदा आला, जो २०२० मध्ये कोरोनाच्या वेळीही काढला होता तोच. पुण्यात रँडची प्लेग कमिटी बसली, गोरे सोल्जर घराघरात शिरायचे, स्वयंपाकघरात, देवघरात, काखेत-जांघेत गाठ आहे का ते बघायचे, बायकांचीसुद्धा तपासणी. पुढे २२ जून १८९७ च्या रात्री गणेशखिंडीच्या रस्त्यावर चाफेकरांनी रँडला गोळी घातली, ते शाळेत सगळ्यांनी वाचलंय. शाळेत जे सांगत नाहीत ते हे की त्या तपासणीत लोक आजारी माणसं लपवायला शिकले. पेशंट माळ्यावर, कोठीत, शेजारच्या वाड्यात. मेलेलं माणूस रात्री गुपचूप नेऊन टाकायचं. त्याच दिवसांत सावित्रीबाई फुले आणि त्यांचा डॉक्टर मुलगा यशवंत हडपसरजवळच्या माळावर दवाखाना चालवत होते आणि लोक तिथे पेशंट स्वतः घेऊन येत होते, एका आजारी पोराला उचलून आणताना त्यांनाच लागण झाली आणि १० मार्च १८९७ ला त्या गेल्या. रोग तोच, महिना तोच. एकीकडे लोक पेशंट दडवतात, दुसरीकडे खांद्यावर घालून आणून देतात. त्या काळच्या औषधानं कोण किती वाचलं असेल तो भाग निराळा, औषध असं नव्हतंच.

गंमत म्हणजे खेड्यातल्या लोकांनी आपलं आपण बरोबर शोधून काढलं होतं. गावात उंदीर पडायला लागले, म्हणजे आढ्यावरून पटापट मरून खाली पडायला लागले, की गाव सोडायचं आणि रानात माळावर झोपड्या टाकून राहायचं. माझी आजी सांगायची, तिच्या लहानपणी दोनदा गाव असं उठलं, चूल, भांडी, शेरडं, सगळं माळावर, आणि घराच्या दाराला बोराटीची काटेरी फांदी लावून ठेवायची. का ते माहीत नव्हतं, पण हे शास्त्राला धरून होतं, कारण उंदीर मेला आणि गार पडला की त्याच्या पिसवा दुसरं गरम अंग शोधतात आणि ते अंग त्या घरात झोपलेल्या माणसाचं असतं. १८९८ मध्ये कराचीला सिमाँ नावाच्या फ्रेंच डॉक्टरनं हेच प्रयोग करून दाखवलं तर बड्या लोकांनी हसण्यावारी नेलं, मग पुढे ७-८ वर्षांनी मुंबईत परळच्या प्रयोगशाळेत ते पक्कं झालं. म्हणजे लोकांना घराबाहेर काढून वेगळं ठेवायच्या सरकारच्या सेग्रिगेशन कॅम्पचा जो काही थोडाफार उपयोग झाला असेल तो माणसं माणसांपासून लांब ठेवून झाला नसावा, माणसं उंदरांपासून लांब गेली म्हणून झाला असावा. गाठीचा प्लेग एका माणसापासून दुसऱ्याला सहसा होतच नाही. फुप्फुसाचा होतो, तो वेगळा आणि वाईट.

तो फुप्फुसाचा म्हणजे १९९४ चं सुरत. त्या वर्षी ऑगस्टमध्ये आधी बीड जिल्ह्यात मामला गावात गाठीचा प्लेग निघाला, किल्लारीच्या भूकंपानंतर त्या भागात घरं रिकामी, धान्य आत पडलेलं आणि उंदीर माजलेले असं कारण तेव्हा दिलं गेलं. मग सप्टेंबरच्या शेवटी सुरतला. मी नोकरीला लागून तीनच वर्षं झाली होती आणि सुरत म्हणजे आमच्याकडे परगाव नव्हेच, उधना-लिंबायतला निम्मी वस्ती खानदेशातली, लूमवर कामाला. दोनतीन दिवसांत लाखो माणसं सुरत सोडून निघाली. मला स्टेशनवर टेबल टाकून बसवलं होतं, सोबत टेट्रासायक्लिनच्या कॅप्सूलचे डबे. पॅसेंजर आली की डब्यातून माणूस नुसता सांडायचा. तोंडाला रुमाल, डोक्यावर मिक्सर, टीव्ही, एकाच्या हातात पिंजऱ्यात पोपट. आम्ही ताप, खोकला विचारायचो, सगळे नाही म्हणायचे.

पहिल्या दिवशी आमच्याबरोबर पोलीस उभे होते. गाडी आउटरला थांबली की पोलीस दिसायच्या आधीच माणसं रुळांवर उड्या मारून शेतातून निघून जायची. दुसऱ्या दिवशी स्टेशन मास्तरनं, डॉक्टर नव्हे तो, सांगितलं की पोलीस मागच्या बाजूला घ्या आणि चहाचं पातेलं पुढे ठेवा. तसं केलं. चहा घ्यायला थांबायचे, थांबले की कॅप्सूल घ्यायचे, कुठल्या गावाला चाललो तेही सांगायचे, आणि त्यातल्याच एका म्हाताऱ्यानं हळूच सांगितलं की पोराला दोन दिवस ताप आहे, तो तिकडे बाकावर गोधडी घेऊन पडलाय. मलेरिया निघाला त्याला. पण प्लेग असता तर आदल्या दिवशी तो शेतातून गेला असता, एवढंच.

सुरतचे मृत्यू शेवटी पन्नासच्या आसपास भरले. औषध लागू पडणारा रोग होता हा, लोक मात्र १८९७ सारखेच पळाले, आणि आखाती देशांनी भारताची विमानं बंद केली तेही त्याच भीतीनं.

देवीचं मात्र याच्या अगदी उलट जमलं. देवीचा रोगी अंगावर काही दिसायच्या आधी सहसा कोणाला देवी देत नाही, पुरळ तोंडावर येतं म्हणून कोणालाही ओळखू येतं, आणि संपर्क आल्यापासून तीनचार दिवसांत लस टोचली तर माणूस वाचतो. आधी वर्षानुवर्षं सरसकट सगळ्यांना टोचत सुटले होते तरी १९७४ ला बिहारमध्ये प्रचंड साथ झालीच. मग जी पद्धत चालली ती अशी की केस शोधा, तिच्याभोवती कडं करा, कड्यातल्या सगळ्यांना टोचा. ही युक्ती विल्यम फोगी यांना १९६६ मध्ये नायजेरियात सुचली, लस कमी पडत होती म्हणून. पण केस शोधायची कशी? शाळेत जाऊन पोरांना फोटो दाखवून विचारायचं, असा चेहरा कोणाच्या घरी आहे का. बाजारात तेच. जो खबर देईल त्याला बक्षीस, ५० रुपयांपासून सुरू होऊन शेवटी १,००० पर्यंत गेलं, तेव्हाचे हजार रुपये. आणि पेशंटच्या दारात पहारेकरी बसवायचे, येईल त्याला टोचायचं, घरातल्यांच्या दाणापाण्याची सोय करायची म्हणजे त्यांना बाहेर पडायची गरजच नको. सक्ती तिथेही झाली, नाही असं नाही, रात्री दारं उघडायला लावून टोचल्याच्या हकिगती आहेत, टाटानगरला तर लस घेतल्याशिवाय गाडीत चढू देत नव्हते. पण पेशंट सांगणाऱ्याला पैसे मिळत होते, १८९७ मध्ये सांगणाऱ्याचं सामान जळत होतं. मे १९७५ मध्ये भारतातली शेवटची केस झाली.

हे पुस्तकी ज्ञान मला उपयोगी पडलं ते पार सातपुड्याच्या पायथ्याला एका पाड्यावर, आणि तेही उशिराच. तिथली कुटुंबं दिवाळी झाली की ऊसतोडीला गुजरातला जातात आणि होळीला परततात. पोरं ९ महिन्यांच्या डोसला घरी असतात तर दीड वर्षाच्या डोसला उसाच्या फडात, किंवा दोन्हीला फडात. होळीच्या आधी भोंगर्‍याचे बाजार, सगळा डोंगर एका जागी. गोवरला अजून काय पाहिजे. आमच्या आशाताईच्या यादीत ४ पोरं होती. मी पाड्यात शिरलो तर घराघराच्या दाराला लिंबाचे डहाळे, मी मोजले, १३. गोवर-कांजिण्या आल्या की दाराला लिंब लावतात, घरात फोडणी देत नाहीत, परका माणूस आत घेत नाहीत. शहरातले डॉक्टर याला अंधश्रद्धा म्हणून नाक मुरडतात, मला विचाराल तर तो घरच्यांनीच लावलेला क्वारंटाइनचा बोर्ड आहे, आणि तो त्यांनी स्वतःच्या हातानं लावलेला असतो हे महत्त्वाचं.

पण १३ डहाळे आणि पोरं चारच कशी? आदल्या वर्षी एका पोराला गाडीत घालून मोठ्या दवाखान्यात नेलं होतं, आईबाप आठ दिवस तिथे, मजुरी बुडाली, कोणी धड बोललं नाही आणि पोरगं गेलं. तेव्हापासून पांढरी गाडी दिसली की पोरं मागच्या दारानं नाल्यात. एका घरात मी बसलो होतो, बाई म्हणे कोणी आजारी नाही, आणि धान्याच्या कणगीमागून खोकला आला. बाई माझ्याकडे बघतेय, मी बाईकडे. मी काही बोललो नाही. आशाताई म्हणाली साहेब चला, आणि बाहेर येऊन तिनं शेळ्या राखणाऱ्या पोरांना पकडलं, एकेक पार्ले पुडा दिला, पाच मिनिटांत सगळी यादी, नावासकट, कोणाला कधीपासून ताप तेही. १९ निघाली. आम्ही गाडी पाड्याबाहेर ठेवली, पाड्यातच एका ओट्यावर दवाखाना मांडला, न्यायचं कोणालाच नाही असं कबूल केलं आणि फक्त छाती भरलेल्या दोघांच्या आयांशी वेगळं बोललो, बापाची आठ दिवसांची मजुरी कशी भागवायची ते आधी सरपंचांबरोबर बसून ठरवलं आणि मगच गाडी बोलावली. कणगीमागचं पोरगं त्या दोघांत होतं. दोन्ही पोरं घरी आली.

कोरोनाबद्दल मी फार लिहीत नाही, त्यावर सगळ्यांनी लिहिलंय. तिथे लक्षणं दिसायच्या आधीच माणूस देत होता, म्हणून आमची यादी कायम दोन दिवस मागे असायची, आणि दारावर स्टिकर लावायला लागले तेव्हा खोकल्याचं औषध मेडिकलवरून गुपचूप नेणारे वाढले हे आमच्याकडच्या मेडिकलवाल्यांनीच मला सांगितलं.

तर तुमच्या गावाचं. तुमच्याकडे ३ केसेस म्हणजे दिसलेल्या ३. उद्या सकाळी नर्सबाई आणि आशाताईला घेऊन त्या तीन घरांपासून सुरू करा आणि आसपासच्या प्रत्येक घरात ५ वर्षांखालच्या पोरांचं लसीचं कार्ड बघा, मोठ्या पोरांचंही विचारा. कार्ड नसेल तर लस झाली नाही असंच धरायचं, आई झाली म्हणते त्यावर जाऊ नका, ती कुठलीही सुई मोजते. ज्यांचा गोवर-रुबेलाचा डोस राहिलाय त्यांना लगेच, संपर्कानंतर ७२ तासांत दिला तर गोवर टळू शकतो, उशीर झाला तरी द्यायचाच. ६ ते ९ महिन्यांच्या बाळांना जादा डोस द्यायचा का ते जिल्ह्यावरून ठरेल, मुंबईत २०२२ ला गोवंडीकडे साथ आली तेव्हा तो विषय निघाला होता, तुमच्या एमओंना विचारायला लावा. शंभरातली ९५ पोरं दोन्ही डोस झालेली असतील तर गोवर गावात टिकत नाही, ७०-८० वर मात्र तो मजेत राहतो.

आजारी पोरांना व्हिटॅमिन ए, आज एक आणि उद्या एक, वर्षाच्या पुढच्याला २ लाख युनिट, सहा महिने ते वर्षापर्यंत १ लाख. हे दिल्यानं डोळे आणि जीव दोन्ही वाचतात आणि पीएचसीत फुकट मिळतं. पोरानं पुरळ उठल्यापासून ४ दिवस घरात राहायचं, चौदा दिवस कोंडायची गरज नाही. दम लागतोय, दूध सोडलं, झापड आली, असं काही झालं तर मात्र गाडी, तेव्हा लिंब-फोडणी बाजूला. बाकी वेळी लिंब राहू द्या, आणि पोराला उपाशी ठेवू नका एवढंच आजीला सांगा, तिला विचारात घेतलं की ती ऐकते.

बाजार चालू करा. नळ आजच मोकळा करा, त्या बायका दोन दिवस कुठलं पाणी पितायत ते आधी बघा, नाहीतर गोवर राहील बाजूला आणि त्यांच्याच घरात हगवण लागेल.

आणि फुल्या पुसायला ग्रामपंचायतीचा शिपाई पाठवू नका. सरपंचांनी स्वतः जावं, चुन्याची बादली घेऊन, आणि त्या घरी चहा घेऊन यावं. गोवर एकदा झालेल्याला सहसा परत होत नाही, सरपंचांना लहानपणी झाला असेल तर त्यांना काही भीती नाही. नसेल झाला तर आधी त्यांनाच नर्सबाईकडे पाठवा.